बगळ्यांच्या वेळेचं जेवण

माझ्या अंगावर आक्कांचं नऊवारी लुगडं होतं आणि खुद्द आक्का कमरेवर हात ठेवून माझ्यासमोर उभ्या होत्या.

"अगं, ह्या काय निऱ्या म्हणायच्या? कडब्याची पेंढी बांधल्यागत दिसतीयास."

"आवं आक्का, कॅमेरा मागे आहे. पाठच दिसणार आहे माझी आज."

"मागनं तर मागनं. पर माझ्यासारखी दिसायची हायस नव्हं?"

त्यांनी मला गर्रकन फिरवलं, निऱ्या उपसल्या, पुन्हा खोचल्या आणि पदर डोक्यावर ओढून दिला. समोर कृष्णा अजिबात घाई नसल्यासारखी वाहत होती. पाण्यावर थंडीतला धुरकटपणा उतरायला लागला होता. पलीकडच्या काठावर उसाला तुरे आले होते आणि ते तुरे हलत होते, की माझीच नजर हलत होती, ते कळत नव्हतं. त्या काठावर मला सारखं असं व्हायचं. उभ्या उभ्या डोळ्यांवर पेंग यायची आणि तरी सगळं दिसत राहायचं.

मी डॉक्युमेंटरीतली नटी आहे. आता डॉक्युमेंटरी म्हणजे खरी माणसं, खरी जनावरं, खऱ्या जागा. तिथे नटीचं काय काम? माझ्या सासूबाई हेच विचारायच्या. काम असतं. जे कॅमेऱ्यात सापडत नाही ते नटांकडून करून घेतात, त्याला री-एनॅक्टमेंट म्हणतात. आणि ज्यांना बोलता येत नाही त्यांच्यासाठी कुणाचा तरी आवाज लागतो. मी मूळची साताऱ्याची, लग्न होऊन सांगलीला आले, विश्रामबागेत राहते. तरुणपणी नाटकं केली, मग ती बंद पडत गेली आणि आवाज बरा म्हणून मला पर्यावरणवाल्यांनी उचललं. आजवर मी तीनदा नदी झालेय. एकदा साताऱ्याकडचं फुलांचं पठार झाले. एकदा तर नुसता वारा. वाऱ्याला वाक्यं नव्हती, सुस्कारे होते. रेकॉर्डिंग करणारा काचेपलीकडून म्हणायचा, "ताई, आता जरा दुष्काळी सुस्कारा द्या." दिला बापडीनं.

पण एवढ्या सगळ्यात माझं तोंड कधी कुणी पाहिलं नव्हतं. म्हणून समीरचा फोन आला तेव्हा मी गॅसवरचं दूध विसरले. समीर पुण्याचा, तरुण डायरेक्टर. माणूस गुणी, पण सतत आकाशाकडे बघत चालणारा. पलूसच्या बाजूला नदीकाठच्या एका गावात तो बगळ्यांवर फिल्म करत होता.

"ताई, मेन रोल आहे," तो म्हणाला. "एक जैन आजी आहेत. त्यांनी काठावरची झाडं राखलीत. हजारो बगळे वस्तीला येतात तिथे. पण आजी रोज ऐन लाइटला गायब होतात."

"गायब म्हणजे?"

"म्हणजे गोल्डन अवरला! दिवसभर समोर असतात. ऊन सोनेरी झालं, बगळे यायला लागले, की या घरी. विचारलं तर म्हणतात, जायाला पायजे. कॅमेऱ्याला बुजतात हो. शेवटी ठरवलं, त्यांचं काम तुम्हीच करा. त्यांचे कपडे, त्यांचीच वाक्यं. क्लोज-अपसुद्धा."

गोल्डन अवर म्हणजे सूर्य मावळण्याआधीचा वेळ. ऊन तिरपं आणि मऊ होतं, माणसाच्या चेहऱ्यावरच्या सुरकुत्यासुद्धा देखण्या दिसतात. कॅमेरावाल्यांचा जीव या उन्हात अडकलेला असतो. ते एकदा गेलं की दुसऱ्या दिवसापर्यंत हात चोळत बसायचं. मी मात्र फोनवरचा एकच शब्द धरून ठेवला होता, क्लोज-अप. आरशासमोर उभी राहून मी पंचाहत्तरीची झाले, पुन्हा पंचावन्नची झाले. खोटं कशाला बोलू, फार आनंद झाला होता.

तर त्या संध्याकाळी निऱ्या नीट झाल्या. समीर मॉनिटरच्या मागे, मॉनिटर म्हणजे कॅमेऱ्यात काय दिसतंय ते दाखवणारा छोटा टीव्ही. कॅमेऱ्यावर मिरजेचा तौफिक, कमी बोलणारा, हसला तर डोळ्यांनीच हसणारा. काठावर बाभळी, करंज आणि मध्ये एक जुना दांडगा उंबर. त्या पट्ट्याच्या मागे आक्कांच्या मुलाचा, भरतचा, ऊस. लांबून पहिली पांढरी रेघ दिसली. नदीच्या वळणावरून बगळे येत होते, पंखांचा आवाज नाही, काही नाही. आले आणि उंबरावर उतरले. मग दुसरी रेघ आली, मग तिसरी.

आक्कांनी डोळ्यांवर हात धरून सूर्याकडे पाहिलं. "येते गं," म्हणाल्या आणि चालू लागल्या.

मी त्यांच्या चालण्याकडे बघत राहिले. ते घाबरून निघून जाणाऱ्या बाईचं चालणं नव्हतं. भराभरा, पण ठरलेलं. असं चालणं मी रोज बघते. विश्रामबागेत आमच्या शेजारी जैन कुटुंब आहे. तिथल्या वहिनी बाजारातून नेमक्या अशाच परत येतात, सूर्याकडे एक डोळा ठेवून. सूर्य मावळायच्या आत जेवायचं, मावळल्यावर पाण्याचा घोटसुद्धा नाही. इकडे याला अंथऊ म्हणतात. समीर पुण्यात रात्री साडेदहाला जेवणारा. त्याच्या डोक्यात कसं यावं?

पण समीरने "ॲक्शन" म्हटलं आणि मी आक्का झाले. हळूहळू पाण्याकडे गेले, मान वर केली. माझ्या डोक्यावरून बगळ्यांची रांग गेली. खरं सांगते, त्या वेळी मला मी कोण ते आठवत नव्हतं. लुगड्याला आक्कांच्या ट्रंकेतल्या डांबरगोळ्यांचा वास होता, अंगावर ऊन होतं आणि मी वर्षानुवर्षं तिथेच उभी आहे असं वाटत होतं.

"कट! ताई, कमाल!" समीर ओरडला. "उद्या क्लोज-अप."

दिवेलागणीला मी लुगडं परत द्यायला गेले. आक्कांचं जेवण, भांडी, ओटा, सगळं आवरलं होतं. त्या सोप्यात बसून होत्या. भरत बाहेर ट्रॅक्टर धूत होता, पाण्याचा आवाज येत होता.

"म्हणलीस काय माझं बोलणं?" आक्कांनी विचारलं.

"उद्या म्हणायचंय."

"मग म्हण बघू."

म्हटलं. समीरने त्यांचं दिवसाउजेडी रेकॉर्ड केलेलं बोलणं उतरवून, जरा झाडूनपुसून वाक्यं केली होती. 'ही झाडं माझ्या मालकांनी राखली. माझ्यामागेही ती राहावीत, एवढीच इच्छा.' मी आवाजात थोडा कंप घातला. शेवटी डोळ्यांत पाणीही आणलं, ते मला येतं.

आक्का शांतपणे ऐकून म्हणाल्या, "लय ग्वाड म्हणलीस. पर ह्येचा उपेग न्हाई."

"का हो?"

त्यांनी बाहेरच्या पाण्याच्या आवाजाकडे मान वळवली आणि आवाज खाली आणला. "भरतला ती झाडाची पट्टी मोडून ऊस लावायचा हाय. झाडाच्या सावलीनं ऊस धरत न्हाई म्हणतो. खोटं न्हाई त्येचं. मी हाय तवर गप बसंल. मागनं? ह्यो सिनेमा ऱ्हाणार हाय म्हणं कायमचा. तवा त्यात माझं तोंड पायजे. आईच्या तोंडचं पोरगं मोडत न्हाई. तुझ्या तोंडचं ऐकलं तर म्हणंल, ते काय, नाटकवाली हाय ती."

मला राग आला, आणि राग कुणावर काढायचा ते कळेना. कारण बाई खरं बोलत होती.

"मग आक्का, संध्याकाळी थांबत का नाही? जेवण नदीवरच न्यायचं की. रानात जेवत नाही का आपण?"

"जेवतो की. पर पाव्हणं बाजूला उभं ऱ्हाऊन बघणार आणि मी एकटी भाकरी मोडणार व्हय? बरं दिसतं काय? पयल्या दिवशी मी म्हणलं, चला समद्यांनी, चार घास खावा माझ्याबरुबर. तर तुमचा सायेब म्हणला, न्हाई आजी, आमाला चालत न्हाई. एकदा न्हाई म्हणल्यावर परत कसं इचारायचं? आन् त्यास्नी न जेवू घालता मी कशी जेवू? तवा आपली घराकडं येते."

एवढंच होतं सगळं. मी तिथेच कपाळावर हात मारला. समीरच्या "चालत नाही"ला कारण होतं. चांगल्या डॉक्युमेंटरीवाल्यांत एक नियम पाळतात, ज्यांच्यावर फिल्म करतोय त्यांच्या घरचं खायचं नाही. त्यांच्यावर भार नको आणि आपल्यावर उपकार नकोत. नियम सरळ आहे. आणि त्या सरळ नियमाने ती बाई रोज नदीवरून हाकलली जात होती.

सकाळी मी समीरला गाठलं. तो आकाशाकडे बघत दात घासत होता.

"समीर, आक्का बुजत नाहीत. त्यांना सूर्याच्या आत जेवायचं असतं."

"मग त्यांनी तसं सांगायचं ना!"

"सांगितलं. तू जेवायला नाही म्हणालास तेव्हाच सांगून झालं."

सगळं समजावल्यावर तो खजील झाला खरा, पण डायरेक्टर लगेच उपाय शोधतो. "हरकत नाही. आजींना पहाटे उभं करू. सकाळचं ऊनही तसंच सोनेरी. बगळे झाडावरून उडताना घेऊ आणि क्लिप उलटी चालवू. उडून गेलेले परत येतील!"

तौफिकने त्याच सकाळी घेतलेली एक क्लिप मॉनिटरवर उलटी लावली. आक्का डेअरीला दूध घालायला निघाल्या होत्या, त्यांनीही वाकून पाहिलं. बगळे शेपटीकडून उडत येत होते आणि पाय आधी फांदीवर टेकवत होते. आक्का तोंडाला पदर लावून हसायला लागल्या, त्यांना हसू आवरेना.

"अगं बया! बगळं रिव्हर्स घ्यायला लागलं की! भरत, ये रं, बघ तुझ्या ट्रॅक्टरागत!"

तौफिक डोळ्यांनी हसला आणि त्याने क्लिप पुसून टाकली.

मग मी बोलले. "समीर, एक काम कर. आज संध्याकाळी आपण सगळ्यांनी आक्कांबरोबर नदीवर जेवायचं. सूर्याच्या आत. त्या आपोआप थांबतील आणि आपोआप बोलतील."

"सगळे? आणि कॅमेरा कोण चालवणार?"

"लॉक-ऑफ," तौफिक म्हणाला. त्या दिवसातला तो त्याचा पहिला शब्द. लॉक-ऑफ म्हणजे कॅमेरा ट्रायपॉडवर घट्ट बसवायचा, चौकट ठरवायची, चालू करायचा आणि हात लावायचा नाही. जे घडेल ते घडेल. "मी रमजानच्या रोज्यात सूर्य बुडायची वाट बघतो, आक्का बुडायच्या आत उरकतात. घड्याळ एकच आहे, साहेब. बसेल शॉट."

"आणि फोकस गेला तर? कुणी मध्ये आलं तर? एकच संधी आहे, उद्या आपण निघतोय." समीर येरझाऱ्या घालायला लागला. मग थांबला. "ताई, पण आजी स्वतः मिळाल्या तर तुमचा रोल..."

"जाईल," मी म्हटलं.

हे मी फार सहज बोलले असं कुणाला वाटेल. तसं नव्हतं. त्या क्लोज-अपसाठी मी घरी आरशासमोर काय काय करून आले होते. पण आक्कांचं ते वाक्य माझ्या डोक्यातून जाईना. माझ्या तोंडून ते नाटकच होणार होतं, कितीही पाणी आणलं तरी.

दुपार कशी गेली आठवत नाही. काठावर करंजाखाली मी आडवी पडले होते. पानांतून ऊन डोळ्यांवर यायचं, जायचं. लांब कुठेतरी भरतचा ट्रॅक्टर चालत होता, तो आवाज झोपेत यायचा आणि त्याची नदी व्हायची. मी चौथ्यांदा नदी झाले आणि या खेपेला कुणी रेकॉर्ड करत नव्हतं. फार छान वाटत होतं, हेही सांगायला हवं.

ऊन कलल्यावर आक्का डोक्यावर पाटी घेऊन आल्या. मागे भरत, हातात पाण्याची कळशी, तोंडाला पाणी गाळायचं फडकं बांधलेली. ज्वारीच्या भाकरी, दोडक्याची भाजी, मुगाची आमटी, शेंगदाण्याची चटणी आणि ताक. कांदा नाही, लसूण नाही. आक्कांनी घोंगडं अंथरलं आणि ओळीने बसवलं. तौफिकने आक्कांच्या पदराआड इवलासा माइक लावला, चौकट पाहिली, बटण दाबलं आणि येऊन बसला. समीर शेवटी बसला. तोंडात घास, नजर कॅमेऱ्यावर.

"सायेब, त्यो पळून जात न्हाई. जेवा," आक्का म्हणाल्या.

मी कॅमेऱ्याकडे पाठ करून बसले होते. आक्का माझ्यासमोर, त्यांच्या मागे उंबर आणि नदी. ऊन त्यांच्या गालावर आलं. पहिली पांढरी रेघ वळणावरून आली तेव्हा कुणी त्यांना बोला असं म्हटलं नाही. त्यांनी भाकरी मोडता मोडता आपणच सुरुवात केली.

"आमचं मालक म्हणायचं, ही आपल्यातलीच मंडळी. दिवस हाय तवर खाणार, सूर्य कलला की घरला. बगळा कवा राती जेवताना बघितलास? न्हाई. म्हणून त्यास्नी हितं जागा दिली."

"आणि रातबगळे? ते रात्री निघतात खायला," समीर न राहवून बोलला.

"ते न्हाईत आपल्यातलं. पर असू दे की. भाडेकरू हायत."

सगळे हसले, भरतसुद्धा. आक्का हसल्या नाहीत. त्या भरतकडे बघत होत्या.

"ही दिवसभर तुझ्याच ट्रॅक्टरमागं फिरत्यात. तुझ्याच रानातलं किडं खात्यात. त्येचं पाप-पुण्य त्येंच्यापाशी. पर राती येऊन टेकायला एवढीच जागा हाय त्यास्नी. तुझा दोन सऱ्या ऊस कमी ईल, मला ठावं हाय. मी असताना तू मोडणार न्हाईस, त्येबी ठावं हाय. मी नसताना मोडू नगंस. हे मी तुला जेवताना सांगतीया."

बगळे येतच होते, रांगेमागून रांग, आमच्या डोक्यांवरून. भरत ताटाकडे बघत होता. चाळिशीचा रांगडा गडी, त्याचा घास हातातच राहिला होता. त्याने एकदा मान वळवून सूर्याकडे पाहिलं. सूर्य उसाच्या तुऱ्यांना टेकला होता. आक्कांच्या ताटात बोलण्याच्या नादात अर्धी भाकरी तशीच होती.

"आक्का, न्हाई मोडत," तो म्हणाला. "तू जेव आधी. सूर्य चाललाय."

आणि त्याने वाटीतली आमटी आईच्या ताटात ओतली, भाकरी स्वतः कुस्करली आणि ताट तिच्यापुढे सरकवलं. आक्का भराभरा जेवल्या. एकदा सूर्याकडे बघायच्या, एक घास घ्यायच्या. शेवटचा घास गेला, पाणी प्यायल्या, हात धुतले. मग सूर्य उसात गेला. माझ्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं आणि या वेळी ते मी आणलेलं नव्हतं.

तौफिक उठला आणि कॅमेरा बंद केला. "आहे," एवढंच म्हणाला. समीरने आक्कांना वाकून नमस्कार केला आणि पहिल्यांदा त्यांना आजी न म्हणता आक्का म्हणाला.

फिल्म पुरी झाली. माझा पाठमोरा शॉट, तो कमाल म्हणून नावाजलेला, पूर्ण कापला गेला. फिल्ममध्ये मी आहे. आक्कांच्या समोर, चौकटीच्या कडेला, एक पाठ आणि चटणीकडे जाणारा एक हात. शेवटच्या नावांत मला 'सहभाग' मिळालाय. भरतने यंदाही ऊस पट्टीच्या अलीकडेच थांबवलाय. सावलीतला ऊस बारीक राहिला म्हणून कुरकुरतो, पण झाडं उभी आहेत.

गावात फिल्म दाखवली ती बस्तीच्या, म्हणजे जैन मंदिराच्या, हॉलमध्ये. अंधार पडल्यावर, सगळ्यांची जेवणं आटोपून. आक्का माझ्या शेजारी बसल्या होत्या. पडद्यावर स्वतःला बघून त्या जराही बुजल्या नाहीत. फिल्म संपल्यावर मात्र माझ्या कानाशी आल्या.

"माझ्या लुगड्यातली तू कुठं गेलीस गं?"

"कापलं मला, आक्का."

"बरं झालं," त्या म्हणाल्या. "नेसाय येतच नव्हतं तुला."

समीर त्या दिवशी पुण्याहून उशिरा पोचला होता, सकाळपासून उपाशी. आक्कांच्या घरी तेव्हा चूल निवून गेलेली. आक्कांनी मोठ्या मानानं त्याला सोप्यात बसवलं आणि दोन केळी हातात दिली. हल्ली कुठलंही काम आलं की मी डायरेक्टरला लाइटचं मागाहून विचारते. आधी विचारते, त्या घरात जेवतात कधी, आणि आपण तिथे जेवणार आहोत ना?